आई-वडिलांचं अप्रकाशित लेखन छापायचंय? गठ्ठ्याची दोरी सोडायच्या आधी हे वाचा

नावाजलेल्या लेखकांच्या मुलांकडून मला एकच प्रश्न सारखा येतो. बाबांच्या वह्या सापडल्यात, किंवा आईची अर्धी कादंबरी सापडलीय, प्रकाशक तयार आहे, तर टायपिंगला कोणाकडे देऊ? मग मी उलट विचारते की यादी झाली का, स्कॅन झालं का, हक्क नक्की कोणाकडे आहेत, आणि बहुतेक वेळा यातलं काहीच झालेलं नसतं. टायपिंग सहाव्या नंबरवर येतं हो. लोक तिथूनच सुरू करतात आणि मग दोन वर्षांनी कळतं की वहीतली बारा पानं कुठेतरी राहिली, किंवा छापलेल्या कवितांतली एक मुळात दुसऱ्याच कवीची होती.

मी माझ्या वडिलांचं बाड लावलं, नंतर ओळखीच्या तीन-चार घरांतली लावायला मदत केली, त्यातून जो क्रम पक्का झाला तो खाली देतेय. टप्पे मागेपुढे करू नका. कंटाळवाणे टप्पे सगळे सुरुवातीला आहेत आणि नेमके तेच उडवले जातात.

टप्पा १: काहीही हलवायच्या आधी फोटो

कपाट, टेबल, ड्रॉवर, उशीखालची डायरी, जे जिथे आहे तिथेच असताना मोबाईलवर फोटो काढा. आधी पूर्ण कपाटाचा, मग एकेका कप्प्याचा, मग गठ्ठ्याचा वरून आणि बाजूने. आवरायचं नाही, धूळ झटकायची नाही, "सगळ्या कविता एकत्र करूया" असं तर अजिबात नाही.

कारण कागद कोणत्या कागदाशेजारी होता ही पण माहितीच असते. तारीख नसलेली कथा ज्या पाकिटात आहे त्या पाकिटावर पोस्टाचा शिक्का असतो. कवितेची वही आणि त्याच वर्षाची हिशेबाची वही एकत्र बांधलेली असते. तुम्ही विषयवार लावायला बसलात की हे धागे तुटतात आणि नंतर कोणालाच जोडता येत नाहीत.

एमिली डिकिन्सन या कवयित्रीचं उदाहरण इथे द्यायलाच हवं. तिने स्वतःच्या कविता हाताने शिवून ४० पुस्तिका केल्या होत्या, आणि तिच्यामागे पहिल्या संपादकांच्या हातात त्या गेल्यावर त्यांचे दोरे सुटले, क्रम विस्कटला. तो क्रम कागदावरचे डाग, सुईची भोकं असल्या खुणांवरून पुन्हा लावून प्रसिद्ध व्हायला १९८१ उजाडलं. ती गेली होती १८८६ मध्ये! एक दोरा सोडल्याची ही किंमत.

माझ्याकडूनही हे झालंय. बाबांचे तीन गठ्ठे मी पहिल्याच आठवड्यात "नीट" लावले, कथा एकीकडे आणि टिपणं एकीकडे. त्यातल्या एका दीर्घकथेचे दोन शेवट आहेत आणि कुठला आधीचा ते आजही ठरवता येत नाही, कारण कुठला शेवट कुठल्या गठ्ठ्यात होता हे मीच पुसून टाकलं. त्याचं मला अजून वाईट वाटतं, म्हणून हा टप्पा एवढा ताणून सांगतेय.

सावध: रद्दीत काय जातंय ते घरातल्या सगळ्यांना आधीच सांगून ठेवा. पाठकोऱ्या कागदांवर लिहायची सवय अनेक लेखकांना असते. छापील पत्रिका, बिलं, जुनी सर्क्युलरं दिसली की टाकून देऊ नका, उलटून बघा. आणि मजकूर मागे असला तर पुढची छापील बाजू पण जपायची, कारण पुष्कळदा तारखेचा पुरावा तीच देते.

टप्पा २: यादी

यादी म्हणजे वाचन नाही हे आधी मनाशी ठरवा. यादी करताना वाचत बसलात की दोन दिवसांत भावनेत वाहून जाल आणि काम थांबेल, हे सगळ्यांचंच होतं. फक्त मोजायचं आणि नोंदवायचं.

प्रत्येक खोक्याला नंबर, त्यातल्या प्रत्येक वस्तूला नंबर (वही, फाईल, पाकीट, सुटा गठ्ठा), आणि पानांना नंबर. ०३-०२-०१७ म्हणजे तिसरं खोकं, दुसरी वस्तू, सतरावं पान. पुढची बाजू १, मागची बाजू २. बस, एवढंच. नंबरात नाव किंवा विषय घालू नका, कारण "कादंबरी" म्हणून नाव दिलेली वस्तू पुढे नाटक निघते आणि सगळ्या फायलींची नावं बदलत बसावं लागतं.

पानावर नंबर मऊ शिसपेन्सिलीने, कोपऱ्यात, हलक्या हाताने. पेन नाही, स्टिकर नाही, शिक्का नाही. लेखकाने स्वतः घातलेले पानांचे आकडे असतील तर ते वेगळ्या रकान्यात उतरवा, खोडू नका.

एक्सेलमध्ये रकाने: नंबर, काय आहे (वही, सुटे कागद, कॅसेट), किती पानं, कोरी पानं किती, कशाने लिहिलंय, अक्षर कोणाचं, तारीख असल्यास जशी लिहिलीय तशी, पहिली ओळ, शेवटची ओळ, अवस्था. पहिली आणि शेवटची ओळ हा रकाना वगळू नका, पुढे एकाच कथेचे चार खर्डे ओळखायला तोच कामाला येतो.

तारीख तुम्ही अंदाजाने लावलीत तर तसं लिहा, आणि कशावरून लावली तेही लिहा. जुन्या मराठी लेखनात एक खूण मिळते. मराठी साहित्य महामंडळाचे शुद्धलेखनाचे नियम १९६२ मध्ये आले, त्यात बरेच जुने अनुस्वार गेले, त्यामुळे "घरें, कसें, त्यांनीं" असं लिहिलेलं पान बहुधा जुनं. पण एकट्या त्या खुणेवर जाऊ नका, कित्येकांनी जुनी सवय शेवटपर्यंत सोडली नाही.

टप्पा ३: कागद वाचवणं

इथे लोक फार उत्साहात चुका करतात. न करायच्या गोष्टी आधी:

लॅमिनेशन कधीच नाही, ते परत काढता येत नाही. फाटलेल्या पानाला चिकटपट्टी नाही, काही वर्षांत तिचा गोंद पिवळा पडून अक्षरांत उतरतो. आणि जुनी चिकटपट्टी दिसली तरी ओढून काढू नका, शाई तिच्याबरोबर येते, ते काम कागदाच्या संवर्धकाचं (जुने कागद दुरुस्त करणाऱ्या तज्ज्ञाचं) आहे. उन्हात वाळवणं नाही, हेअर ड्रायर नाही. कागदांच्या मध्ये डांबरगोळ्या नाहीत.

करायचं काय तर रबरबँड काढा (ते वितळून चिकटतात), टाचण्या आणि क्लिपा गंजल्या नसतील तर हळूच काढा, पण कुठली पानं एकत्र टाचलेली होती ते काढायच्या आधी यादीत लिहा. गंजून कागदात रुतलेली टाचणी ओढू नका. पानं पातळ, आम्लमुक्त कागदाच्या फोल्डरमध्ये ठेवा. वर्तमानपत्राची कात्रणं वेगळी करा, तो कागद आम्लधर्मी असतो आणि शेजारच्या पानाला डाग पाडतो. कात्रण जिथे होतं तिथे "इथे कात्रण होतं, नंबर अमुक" अशी चिठ्ठी.

हातमोजे? पांढरे सुती मोजे घालून पानं उलटली की बोटांना कागद जाणवत नाही आणि कडा फाटतात. स्वच्छ धुतलेले, पूर्ण कोरडे हात पुरेत. फोटोंना मात्र नायट्राइलचे मोजे.

जागा थंड, कोरडी, काळोखी आणि मुख्य म्हणजे एकसारखी हवी. आर्द्रता ३५ ते ५० टक्क्यांच्या आसपास असली तर उत्तम, ६५ च्या वर सतत राहिली की बुरशी धरते. स्वस्तातलं आर्द्रतामापक मिळतं, एक आत ठेवून द्या. खोकी बाहेरच्या भिंतीला टेकवून नकोत, पाण्याच्या पाइपाखाली नकोत, जमिनीवर तर नकोतच.

कागद भिजले तर? ओल्या कागदावर ४८ तासांत बुरशी सुरू होऊ शकते. शाई विरघळणारी नसेल तर पानांच्या मध्ये टीपकागद, पंखा थेट अंगावर न येता खोलीत फिरता, टीपकागद पुन्हा पुन्हा बदलायचा. ढीग मोठा असेल आणि एवढ्यात वाळणार नसेल तर प्लॅस्टिकच्या पिशव्यांत घालून फ्रीझरमध्ये गोठवा. ऐकायला विचित्र वाटतं पण त्याने वेळ मिळतो, संवर्धक पण हेच करतात.

तपासणी: फॅक्सचे किंवा चकचकीत पावतीसारखे कागद आहेत का? तो थर्मल कागद, त्यावरची अक्षरं आपोआप उडतात. ते सगळ्यात आधी स्कॅन करा, आजच.

टप्पा ४: स्कॅन, आणि जुना कॉम्प्युटर

किमान ३०० डीपीआय (स्कॅन किती बारकाईने होतं त्याचं माप), जमलं तर ४००, फिक्या पेन्सिलीला ६००. रंगीत, काळं-पांढरं नाही, कारण निळ्या शाईचा मूळ मजकूर आणि नंतर लाल पेनाने केलेली दुरुस्ती हा फरक काळ्या-पांढऱ्यात मरतो. मूळ फाईल टिफमध्ये, बघायला-पाठवायला जेपेग वेगळी करा. पानाच्या चारही कडा दिसल्या पाहिजेत. कोरी पानंसुद्धा स्कॅन करायची, नाहीतर पाच वर्षांनी "मधलं पान राहिलं की कोरं होतं" यावर भांडण होतं. पानं आपोआप ओढणाऱ्या फीडरमध्ये हस्तलिखित कधीच घालू नका. पान काचेवर ठेवायचा फ्लॅटबेड स्कॅनर चालेल, वही ताणून उघडत नसेल तर वरून कॅमेरा.

मूळ कागद घराबाहेर जाऊ देऊ नका. एका ओळखीच्या घरात दोनशे पानांची वही टायपिंगला बाहेर दिली, परत आली तेव्हा १९४ पानं. कोणाचा वाईट हेतू नव्हता, पण सहा पानं गेली ती गेली, आणि आधी यादी केली नसती तर गेल्याचं कळलंही नसतं. बाहेर द्यायचं ते स्कॅन.

बॅकअप तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या माध्यमांवर, त्यातली एक दुसऱ्या घरात किंवा गावात. वर्षातून एकदा तिन्ही उघडून बघायच्या, तारीख ठरवून. न उघडलेला बॅकअप हिशेबात धरू नका.

आता कॉम्प्युटर. शेवटच्या वीस-पंचवीस वर्षांतलं लेखन पुष्कळदा तिथेच असतं आणि घरचे कागदात एवढे गुंततात की लॅपटॉप फॉरमॅट करून भाच्याला देऊन टाकतात. आधी पूर्ण डिस्कची जशीच्या तशी प्रत, मग बाकी सगळं. मूळ फाईल उघडून सेव्ह करू नका, बदलल्याची तारीख आजची होते आणि कुठला खर्डा नंतरचा याचा पुरावा जातो. प्रतीवर काम करा.

जुन्या मराठी फायली युनिकोडच्या (आज सगळ्या मशीनवर चालणाऱ्या अक्षरपद्धतीच्या) आधीच्या फॉन्टमध्ये असतील तर दुसऱ्या मशीनवर कचरा अक्षरं दिसतात. फाईल खराब झाली म्हणून टाकू नका. तो फॉन्टही त्याच कॉम्प्युटरवरून कॉपी करून ठेवा, मूळ मशीनवर उघडून पीडीएफ काढा, आणि मग कन्व्हर्टरने युनिकोड करा. कन्व्हर्टर हमखास चुकतो तो "ऱ्या", "ऱ्ह", "ॲ", "ऑ", रफार आणि जोडाक्षरं इथे, म्हणून पीडीएफशी ओळीओळीने ताडायचं.

ईमेलचे ड्राफ्ट, फोनमधल्या नोट्स, स्वतःलाच पाठवलेले व्हॉइस मेसेज, हे सगळं धरून. आणि याला घाई आहे: दोन वर्षं न वापरलेलं वैयक्तिक गूगल खातं कंपनी डिलीट करू शकते, धोरणच आहे तसं.

कॅसेटवर मजकूर सांगून ठेवलेला असेल तर लावायच्या आधी कॅसेटच्या वरच्या कडेचे दोन छोटे प्लॅस्टिकचे टॅब तोडा, म्हणजे चुकून त्यावर रेकॉर्ड होणार नाही. डिजिटल प्रत वेव्ह फाईलमध्ये, एमपीथ्री फक्त ऐकायला.

टप्पा ५: हक्क आणि त्यांची इच्छा

वही ज्याच्या कपाटात तो मालक, हा सगळ्यात मोठा गैरसमज. कागद एकाचा आणि कॉपीराइट दुसऱ्याचा असू शकतो. मृत्युपत्र नसेल तर हक्क सगळ्या वारसांत वाटला जातो, एका भावाची सही पुरत नाही. मृत्युपत्रात "माझी हस्तलिखितं अमक्याला" एवढंच असेल, तर भारतीय कायद्यात, उलट काही लिहिलेलं नसल्यास, अप्रकाशित लेखनाचा कॉपीराइटही त्याच्याकडेच गेला असं धरतात. अमेरिकेत असं नाही, तिथे वस्तू वेगळी आणि हक्क वेगळा. म्हणून तुमच्या देशातल्या कॉपीराइट बघणाऱ्या वकिलाकडे एकदा जाऊन या, ओळखीचा जमिनीचे व्यवहार बघणारा वकील इथे चालत नाही.

मुदतीचं पण बघून घ्या. कॉपीराइटच्या आंतरराष्ट्रीय बर्न कराराप्रमाणे लेखकाच्या मृत्यूनंतर किमान ५० वर्षं, भारतात ६०, युरोपीय संघात ७०. आणि भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर पहिल्यांदा प्रसिद्ध झालेल्या लेखनाची ६० वर्षं प्रसिद्धीच्या पुढच्या वर्षापासून मोजतात, हे प्रकाशकालाही पुष्कळदा माहीत नसतं.

पत्रं: तुमच्या वडिलांना आलेली पत्रं तुमच्या घरात असली तरी त्यातला मजकूर लिहिणाऱ्याचा, छापायला त्याची किंवा त्याच्या वारसांची परवानगी लागते. उलट बाबांनी इतरांना लिहिलेली पत्रं इतरांच्या घरात असली तरी मजकुराचा हक्क तुमच्याकडे. जुने प्रकाशन करार काढून वाचा, काहींत "पुढचं पुस्तक आधी आम्हाला दाखवावं" असं कलम असतं.

आता अवघड भाग. त्यांनी "छापू नका" किंवा "जाळा" असं सांगितलं असेल तर? 'लोलिता'चा लेखक नाबोकोव्ह, त्याच्या मुलाने वडिलांचं १३८ कार्डांवरचं अपुरं लेखन २००९ मध्ये प्रसिद्ध केलं, कोलंबियन कादंबरीकार गार्सिया मार्केझच्या मुलांनी वडिलांना नको असलेली कादंबरी २०२४ मध्ये काढली, आणि दोन्ही वेळा वाचकांत दोन तट पडले. माझं मत सांगते, कोणाला पटो न पटो. जपायचं की नाही आणि छापायचं की नाही हे दोन वेगळे प्रश्न आहेत. जाळू नका, कारण ते परत फिरवता येत नाही. छापायची घाई पण करू नका. आणि छापलंत तर त्यांनी नको म्हटलं होतं हे प्रस्तावनेत स्पष्ट लिहा, ते लपवलेलं मी तरी कधी माफ करणार नाही.

डायऱ्यांत जिवंत माणसांबद्दल जे असतं त्यासाठी तिसरा रस्ता आहे: अमुक वर्षापर्यंत बंद, अशा अटीवर संग्रहालयाकडे देणं. पानं फाडायची गरज नाही. फाडलेल्या पानाबद्दल लोक जे कल्पना करतात ते पानावर असतं त्याहून वाईट असतं.

तपासणी: सगळ्या वारसांची लेखी संमती, कोण संपादन करणार, पैसे कसे वाटायचे, मतभेद झाले तर शेवटचा शब्द कोणाचा. हे चारही कागदावर आल्याशिवाय पुढे जाऊ नका, पुस्तक आल्यावर तर नात्यातही हे बोलता येत नाही.

टप्पा ६: उतरवून काढणं

आता टायपिंग. नियम एकच, जसं आहे तसं. शुद्धलेखनाच्या चुका, विचित्र विरामचिन्हं, अर्धवट वाक्य, सगळं जसंच्या तसं. सुधारणा नंतर, वेगळ्या फाईलमध्ये.

टाइप करायच्या आधी ऑटोकरेक्ट बंद करा. व्हॉइस टायपिंग नको. हस्ताक्षर वाचणारी एआयची साधनं पहिल्या खर्ड्याला मदत करतात, पण त्यांची एक वाईट सवय आहे, न लागलेल्या शब्दाच्या जागी ती गुळगुळीत, अर्थ लागेल असा शब्द बसवतात आणि चूक दिसतच नाही. माणूस अडतो तिथे थांबतो, यंत्र थांबत नाही. वापरलंत तर प्रत्येक शब्द मूळ पानाशी ताडून बघायचा, अपवाद नाही.

खुणा आधी ठरवा: खोडलेलं कसं दाखवायचं, ओळीवर घातलेलं कसं, समासातलं कसं. न लागलेला शब्द [?], अजिबातच न वाचता येणारं असेल तर [अवाचनीय, दोन शब्द]. अंदाज करून भरू नका. महिन्याभराने त्यांचं अक्षर सरावाचं होतं आणि त्यातले निम्मे शब्द आपोआप लागतात, म्हणून [?] ची यादी ठेवून शेवटी परत फिरा. प्रत्येक पानाच्या सुरुवातीला त्या पानाचा नंबर टाइप करा, हे विसरलात तर ताडून बघणं अशक्य होतं.

कवितेत ओळ कुठे तुटते याची फार काळजी. खिशातल्या छोट्या डायरीत कागद संपला म्हणून ओळ खाली गेलीय की कवीने मुद्दाम तोडलीय? उजव्या कडेला अक्षरं दाटीने, लहान होत गेली असतील तर बहुधा कागद संपलाय. शंका असेल तर नोंद करा.

मग वाचन-तपासणी दोघांनी मिळून: एकाने मूळ पान मोठ्याने वाचायचं, स्वल्पविरामासकट, दुसऱ्याने टाइप केलेलं बघायचं. एकट्याने ताडलं की डोळे जे असायला हवं ते वाचतात. हे सावकाश होतं, होऊ द्या.

टप्पा ७: हे त्यांचंच आहे का? आणि खरंच अप्रकाशित आहे का?

छोटा टप्पा, पण इथे चूक झाली तर पुस्तक मागे घ्यावं लागतं.

लेखक लोक आवडलेल्या दुसऱ्यांच्या कविता, उतारे वहीत उतरवून घेतात, नाव न लिहिता. अक्षर बाबांचं म्हणजे कविता बाबांची असं नाही. एकही खाडाखोड नसलेलं, स्वच्छ, एका दमात लिहिलेलं पान दिसलं की आधी संशय घ्या. अनुवाद पण असू शकतो, मूळ लेखकाचा उल्लेख नसलेला. उलटही होतं: अक्षर आईचं, मजकूर बाबांनी सांगितलेला. त्यांचे जुने मित्र, टंकलेखक, मासिकांचे संपादक जे कोणी आहेत त्यांना आत्ताच भेटा, पान दाखवा, बोलणं तारखेसकट रेकॉर्ड करा.

अप्रकाशित आहे असं घरच्यांना वाटतं एवढ्यावर जाऊ नका. मासिकांचे विशेषांक, रविवारच्या पुरवण्या, स्मरणिका, रेडिओवरची भाषणं, टोपणनावं. पहिल्या ओळीचा रकाना इथे उपयोगी पडतो, शीर्षक बदललेलं असतं पण पहिली ओळ सहसा राहते.

टप्पा ८: कुठला खर्डा धरायचा

चार खर्डे आहेत. पहिल्यातली सुरुवात छान, तिसऱ्यातला शेवट छान. मोह होतो की चांगलं चांगलं उचलून एक करू. हे करू नका! असं जोडलेलं लेखन त्यांनी कधीच लिहिलेलं नाही, ती तुमची निवड आहे आणि वर नाव त्यांचं.

एक खर्डा आधार म्हणून निवडा, कारण लिहून ठेवा. सहसा शेवटचा पूर्ण खर्डा. "शेवटचा" आणि "पूर्ण" दोन्ही शब्द महत्त्वाचे, कारण सगळ्यात शेवटचा कधी कधी आजारपणात अर्धा सोडलेला असतो. मार्केझच्या त्या कादंबरीला संपादकाने लेखकाने स्वतः पसंतीची खूण केलेला पाचवा खर्डा धरला आणि सेक्रेटरीने सांभाळलेली कॉम्प्युटरवरची प्रत त्याच्याशी ताडली. म्हणून "ठीक", "फायनल", "छापायला", सही-तारीख असल्या खुणा समासात शोधा.

मग बाकीचे खर्डे त्याच्याशी ताडून फरक नोंदवा. सगळे फरक छापायचे नसतात, पण नोंदवायचे सगळे.

आणि पुस्तक कुठल्या जातीचं हे इथेच ठरवा. सलग वाचायचं पुस्तक, की खर्डे आणि टिपा दाखवणारं? 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चा लेखक टोल्किन, त्याच्या मुलाने आधी १९७७ मध्ये वडिलांच्या कागदांतून एक सलग ग्रंथ तयार केला, आणि नंतर १९८३ ते १९९६ मध्ये १२ खंडांत खर्डे टिपांसह मांडले. दोन्ही करता येतं, पण एकाच पुस्तकात अर्धं हे अर्धं ते केलं की वाचकाला कळत नाही आपण काय वाचतोय. अपुरं असेल तर अपुरं म्हणून छापा, "इथे हस्तलिखित थांबतं" एवढी ओळ पुरते. शेवट लिहून पूर्ण करायला कोणालाही देऊ नका, एआयला तर नाहीच.

टप्पा ९: संपादनाचे नियम, एका पानावर

पहिला शब्द बदलायच्या आधी हे पान तयार हवं. काय न सांगता दुरुस्त करणार (उघड लेखणीची चूक, एकच शब्द दोनदा आलेला), काय टीप देऊन, आणि कशाला हात लावणार नाही.

मराठीत खरी गोची अनुस्वारांची. जुन्या पानावर "केलें" आहे, आज ते "केले" करायचं की "केलं"? निवेदनात बहुधा "केले", पण संवादात माणूस बोलतोय तर "केलं" लागतं. कॉम्प्युटरवर फाइंड-रिप्लेस मारलं की सगळी पात्रं एकदम पुस्तकी बोलायला लागतात. एकेक जागा डोळ्यांनी बघायची, नाहीतर जुनं लेखन तसंच ठेवायचं. काहींनी "अिकडे, अुद्या" अशी अ ची बाराखडी मुद्दाम वापरलेली असते, ती चूक नाही, भूमिका आहे, राहू द्या. बोलीतले शब्द "शुद्ध" करू नका. तोच शब्द दोन प्रकारे लिहिला असेल तर त्यांनी जास्त वेळा काय लिहिलंय ते मोजा, मग ठरवा.

मुलांनी स्वतः संपादन करावं का? ओळख पटवणं, नावं, घरातले संदर्भ, हे तुमच्याशिवाय कोणी करू शकत नाही. पण काय गाळायचं हे एकट्याने ठरवू नका. बाबांचा राग, कडवट वाक्य, आईबद्दलची एक ओळ, ही गाळावीशी वाटतेच, मलाही वाटली. बाहेरचा एक जाणता संपादक सोबत घ्या आणि त्याने "का?" विचारल्यावर उत्तर देता आलं नाही तर ओळ राहू द्या. गाळलंच तर तिथे तशी खूण.

फायली तीन ठेवा आणि एकमेकींत मिसळू नका: जशीच्या तशी प्रत, ट्रॅक चेंजेस (प्रत्येक बदल दिसत राहतो ती सोय) चालू असलेली संपादित प्रत, छपाईची प्रत.

तपासणी: छपाईच्या प्रतीतलं कुठलंही पान उघडा आणि मूळ कागदापर्यंत मागे जाऊन दाखवा. पाच मिनिटांत जाता आलं नाही तर पानांचे नंबर कुठेतरी तुटलेत, आत्ताच जोडा.

टप्पा १०: छपाई आणि त्यानंतर

प्रकाशकाला नियमांचं पान आधीच द्या आणि करारात लिहून घ्या की मुद्रितशोधकाने त्याबाहेर काही बदलायचं नाही. नाहीतर शेवटच्या आठवड्यात कोणीतरी प्रेमाने सगळं शुद्ध करून टाकतं. प्रुफं टाइप केलेल्या प्रतीवरून तपासू नका, एकदा तरी स्कॅनवरून तपासा. शीर्षक त्यांनी दिलेलं नसेल तर ते तुम्ही दिलंय हे सांगा. मुखपृष्ठावर किंवा आतल्या पानावर संपादकाचं नाव हवंच.

प्रस्तावनेत आठवणी लिहायचा मोह आवरून आधी ही माहिती द्या: कागद कुठे सापडले, कुठला खर्डा धरला, काय बदललं, काय गाळलं, तारखा कशा लावल्या, मूळ कागद आता कुठे आहेत. दोन-तीन पानं लागतील. आठवणी वेगळ्या लेखात.

मूळ कागद शेवटी विद्यापीठाच्या ग्रंथालयाकडे किंवा संग्रहालयाकडे द्यायचे असतील तर तोंडी काही नको. देणगी की ठेव, कॉपीराइट तुमच्याकडेच राहतो का, कोण बघू शकतं, काय किती वर्षं बंद, स्कॅन नेटवर टाकणार का, कागद त्यांना नको झाले तर परत कोणाला, हे सगळं लेखी. तुमची यादी सोबत द्या आणि पोच म्हणून तिच्या प्रत्येक पानावर सही घ्या.

पुस्तक आल्यावर एक वही चुकांसाठी ठेवा. पहिल्या सहा महिन्यांत वाचकांचे फोन येतात, "हे गाव चुकलंय", "ही कविता मी अमक्या अंकात वाचलीय", एखादा तर लेखकाने स्वतः त्याला दिलेला खर्डाच घेऊन येतो. तो खर्डा दिसला की त्याला बसवा, पानांचे फोटो काढायची परवानगी मागा आणि यादीत पुढचा नंबर द्या.